आधी मोजायची टेप घ्या, मग इक्वलायझर
गाडीतल्या साउंड सिस्टिमवरच्या लेखात 'सॉफ्टवेअरने ट्यूनिंग केलं की साधे स्पीकरही महागड्यांसारखे वाजतात' असं म्हटलंय. अर्धं पटलं. टाइम अलाइनमेंटबद्दल, म्हणजे सगळ्या स्पीकरांचा आवाज कानाशी एकाच वेळी पोहोचवण्याबद्दल, मात्र एकच ओळ? खरी गंमत तर तिथेच आहे!

गाडीत आपण कधीच मध्यभागी बसत नाही. समजा जवळचा स्पीकर कानापासून ८० सेंटीमीटरवर आणि पलीकडचा १३० वर आहे. आवाज सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो, म्हणजे या ५० सेंटीमीटरचा फरक सुमारे दीड मिलिसेकंद. ऐकायला किरकोळ वाटतं, पण तेवढ्यानेच गायकाचा आवाज दारातून आल्यासारखा वाटतो. जवळच्या स्पीकरला तेवढा डिले (उशीर) दिला की तोच आवाज डॅशबोर्डवर येऊन बसतो. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा गाणं संपेपर्यंत गाडीतून उतरलोच नाही.

इक्वलायझर म्हणजे वेगवेगळ्या फ्रिक्वेन्सींचा आवाज कमी-जास्त करायचं साधन. त्याच्या बाबतीत मी एक चूक बरेच दिवस केली. मायक्रोफोनने मोजलेल्या आवाजाच्या ग्राफमध्ये ८० हर्ट्झजवळ (बेसच्या भागात) खड्डा दिसला की बूस्ट करत सुटायचो. पण दोन लहरी एकमेकींना मारत असतील तर तो खड्डा भरत नाही. ६ डेसिबल वाढवायला अॅम्प्लिफायरकडून चौपट पॉवर मात्र जाते. आधी एका बाजूची फेज (लहरीचा चढ-उतार) उलटून बघा, क्रॉसओव्हर (कुठल्या स्पीकरला कुठल्या फ्रिक्वेन्सी जातात ती सीमा) थोडा सरकवा. उंचवटे खुशाल कापा.

आणि हो, मायक्रोफोन एकाच जागी ठेवून मोजू नका. डोक्याच्या आसपास पाच-सहा ठिकाणी मोजून सरासरी काढा. दाराचा पत्रा थरथरत असेल तर त्यावर डॅम्पिंग शीटच (थरथर शोषणारी शीट) हवी, तिथे सॉफ्टवेअर काय करणार?