ओन्ताचं चाक, आपलं बलुतं

पिढीजात कारागिरांना अवजारं आणि कर्ज देणाऱ्या केंद्राच्या पीएम विश्वकर्मा योजनेवरून वाद पेटला की आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जपानी कुंभाराचा व्हिडिओ हमखास येतो. लाकडाची भट्टी, धूर, बापाशेजारी चाकावर बसलेला मुलगा. खाली ओळ: ‘बघा, तिकडे पिढीजात धंद्याची लाज वाटत नाही.’ मी जपानमध्ये, फुकुओकात राहतो. व्हिडिओतलं कुंभारांचं गाव ओन्ता शेजारच्या ओइता प्रांतात, हिताच्या डोंगरात आहे.

दृश्य खोटं नाही. ओढ्याच्या पाण्यावर लाकडी मुसळं दिवसरात्र माती कुटतात, चाक पायानं फिरतं, उतारावरच्या भट्टीत लाकूडच जळतं, भांड्यावर कुणा एकाचं नाव नसतं. पण कुंभारांची घरं जेमतेम दहा. एका घरातून एकच मुलगा चाकावर बसतो, बाकीची भावंडं पोटापाण्याला बाहेर. बाहेरचा शिष्य घेत नाहीत. चाक पुरुषांचं, मातीची मेहनत बायकांची (ती व्हिडिओत कशाला दिसेल!).

हे टिकलं ते संस्कारांपेक्षा गिऱ्हाइकामुळे. १९३१ साली यानागी सोएत्सु तिथं गेले आणि त्यांच्या लोककला चळवळीनं शहरी माणसाला या साध्या ताटल्या-वाडग्यांची गोडी लावली. पुढे १९९५ मध्ये सरकारनं ही कला राष्ट्रीय वारसा म्हणून जाहीर केली. ओन्तात जन्मानं मिळतो तो मक्ता. आपल्याकडे कुंभाराच्या पोराला जन्मानं मिळायचं ते बलुतं: वर्षभर मडकी पुरवा आणि सुगीला पदरात पडेल तेवढं धान्य घ्या. हे दोन्ही एकाच तागडीत घालणं मला पटत नाही.

अर्जदाराचं घराणं त्याच धंद्यातलं असण्याची अट काढा, असं म्हणत तामिळनाडूनं २०२४ मध्ये विश्वकर्मा योजना नाकारली. त्यामागचं राजकारण बाजूला ठेवलं तरी आक्षेप रास्त आहे. जपानचाच दाखला हवा तर तोक्योच्या उत्तरेचं माशिको घ्या. तिथले नामवंत कुंभार हामादा शोजी कुंभाराच्या घरातले नव्हते, माशिकोचेही नव्हते. १९२४ मध्ये ते तिथं आले, १९५५ मध्ये ‘जिवंत राष्ट्रीय ठेवा’ ठरले. त्यांच्यामागून कुठकुठली माणसं येऊन तिथं भट्ट्या लावत राहिली.

योजनेत अवजारांना १५,००० रुपये, कर्ज ३ लाखांपर्यंत. वाईट काहीच नाही. पण कर्ज फेडायला माठ विकला गेला पाहिजे, आणि तो घेताना आपण अजून दहा रुपयांसाठी हुज्जत घालतो.