उन्हाळ्यात लॉनला खत द्यावं का? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार सर,

जुळे सोलापुरातून तुम्ही लिहिलंय की माझा लेख वाचून एप्रिलमध्ये लॉनवर युरिया टाकला आणि गवत करपलं. इंटरनेटवर सगळे उन्हाळ्यात खत नको म्हणत असताना, नळाला चार-पाच दिवसांआड पाणी येणाऱ्या गावात मी असा सल्ला देतो, हे तुम्हाला बेजबाबदारपणाचं वाटतं.

पाण्याचं तुमचं म्हणणं शंभर टक्के पटतं. पिण्याच्या पाण्याची ओढाताण असेल तर लॉनला खत देऊच नये. हरळीचं लॉन असेल तर ते वरून वाळतं, पण जमिनीखालचे धुमारे जिवंत राहतात आणि पावसाबरोबर फुटतात. लेखातही मी "बोअर असेल आणि एक दिवसाआड पाणी देता येत असेल तरच" अशी अट घातली होती. आपल्याकडे खताचं वेळापत्रक पाण्यावर ठरतं, महिन्यावर नाही.

उन्हाळ्यात खत नको हा सल्ला थंड प्रदेशातल्या गवतांसाठी खरा आहे. फेस्क्यू, ब्लूग्रास ही गवतं उन्हाळ्यात मलूल होतात, त्यांना तेव्हा नत्र दिलं की उलट त्रास होतो. आपल्याकडची हरळी किंवा मेक्सिकन लॉन ही उष्ण हवेतली गवतं. पाणी मिळालं तर ती याच दिवसांत वाढतात आणि वाढताना त्यांना नत्र लागतं. पारा चाळिशीपार गेला की मात्र मीही हात आखडता घेतो. मुख्य हप्ता फेब्रुवारीअखेर ते मार्चच्या मध्यापर्यंत, दुसरा मृगाचा पाऊस झाल्यावर. एप्रिल-मे मध्ये फार तर अर्धी मात्रा: शंभर चौरस फुटांना साधारण पन्नास ग्रॅम युरिया, त्याहून चिमूटभरही जास्त नाही.

आता तुमचं लॉन. तुम्ही लिहिलंय, "मुठीने फेकला, संध्याकाळी, पाणी दुसऱ्या दिवशी दिलं", आणि ताटाएवढे गोल चट्टे पडलेत, कडेला गर्द हिरवं आणि मध्ये वाळलेलं. मूठ जिथे जास्त पडली तिथे खताने मुळांतलं पाणी ओढून घेतलं, कडेला बेताचं पोचलं म्हणून तिथे गवत तरारलं. शिवाय आपली काळी माती चुनखडीची. अशा मातीवर युरिया नुसता पडून राहिला की त्यातलं बरंचसं नत्र अमोनिया होऊन उडून जातं. म्हणजे पैसेही गेले.

म्हणून युरिया चौपट कोरड्या वाळूत कालवायचा. निम्मा उभा फिरत टाकायचा, निम्मा आडवा. आदल्या दिवशी पाणी दिलेलं असावं, माती ओलसर, पण पाती कोरडी, नाहीतर दाणे पात्याला चिकटून तिथेच डाग पडतात. टाकल्या टाकल्या पाणी द्यायचं, पात्यावरचे दाणे धुऊन जाऊन खत मातीत मुरेपर्यंत. पाण्याची पाळी नसेल त्या दिवशी पिशवी उघडूच नका.

आणखी एक गोष्ट तपासा. नवी पाती पिवळी आणि शिरा हिरव्या दिसत असतील तर ती लोहाची कमतरता, चुनखडीच्या जमिनीत नेहमीची. त्यावर युरिया घालून उपयोग नाही. लिटरला पाच ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट) विरघळवून ऊन उतरल्यावर फवारा. फरशीवर उडू देऊ नका, तांबूस डाग पडतो आणि सहज निघत नाही.

सध्या चट्ट्यांवर दोन-तीनदा भरपूर पाणी सोडून खत खाली उतरवा. या मोसमात आणखी खत नको, कापणीही दीड-दोन इंचांच्या खाली नको. पाऊस लागेपर्यंत आजूबाजूच्या धुमाऱ्यांनी चट्टे भरले नाहीत, तर लॉनच्या कडेचेच तुकडे काढून तिथे टोचा.