कुत्रा चाटतो म्हणजे मीठ कमी पडलंय? नाही

‘कुत्रा सारखा हात चाटत असेल तर त्याच्या अंगात मीठ कमी आहे, जेवणात चिमूटभर घाला,’ असा एक मेसेज फिरतोय. कृपया घालू नका. घामाची खारट चव कुत्र्यांना आवडते, एवढंच त्यात खरं. जास्त मीठ मात्र त्यांना बाधतं.

चाटण्याचं मूळ पिल्लूपणात आहे. आई पिल्लांना चाटूनच साफ करते. लांडग्यांची पिल्लं शिकारीहून आलेल्या मोठ्यांचं तोंड चाटतात, मग ते पोटातलं अन्न ओकून त्यांना भरवतात. तुम्ही दारात चपला काढत असताना कुत्रा हनुवटीपर्यंत उडी मारतो, ती त्याच सवयीची खूण. त्यात आपण हसून ‘अरे बास’ म्हणतो. त्याच्या लेखी ते बक्षीसच! अचानक जमीन, भिंती चाटू लागला तर मात्र पोटाची तक्रार असू शकते, डॉक्टरांना दाखवा.

मेसेजचं दुसरं वाक्य जास्त घातक: ‘लाळेने जखम भरते.’ उलट लाळेतून जंतुसंसर्ग होऊ शकतो. रेबीजची शंका असलेल्या कुत्र्याने उघडी जखम चाटली, तर जागतिक आरोग्य संघटना तो संपर्क चावण्याइतकाच गंभीर, तिसऱ्या श्रेणीचा मानते. जखम साबण-पाण्याने १५ मिनिटं धुवा आणि लगेच दवाखाना गाठा.