मास्तर, जात तर आधीच छापलेली आहे

मास्तर, सप्रेम सलाम.

माझ्या मागच्या लेखावर तुम्ही लांबलचक प्रतिक्रिया लिहिलीत. खाली नाव नाही, नुसतं ‘एक निवृत्त मिशन मास्तर’. म्हणून मीही मास्तरच म्हणतो. आमच्या नगरकडे मिशन शाळेत शिकवलेल्या माणसाला मरेपर्यंत मास्तरच म्हणतात, तेव्हा तुमची काही हरकत नसावी.

ज्यांनी तो लेख वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. नगर जिल्ह्यातल्या ख्रिस्ती मंडळ्यांनी (मंडळी म्हणजे एका चर्चचे सगळे लोक) शतसांवत्सरिक, सुवर्णमहोत्सव अशा निमित्तांनी काढलेल्या स्मरणिका आणि गावमंडळीचे इतिहास यांवर मी लिहिलं होतं. या पुस्तकांत मिशनरी साहेबांच्या तारखा सापडतात, मंडळी सापडत नाही, आणि जातीचा विषय सगळे टाळतात, असं माझं म्हणणं होतं. मास्तरांचे आक्षेप तीन. ही पुस्तकं निवृत्त माणसांनी पदरमोड करून काढलेली असतात, त्यांतल्या जाहिरातींची टिंगल करणं शोभत नाही, हा पहिला. ख्रिस्तात कसलाच भेद नाही असं बायबलमधल्या पत्रात पौल गलतीकरांना सांगतो, मग मंडळीच्या इतिहासात जात उकरून काढणं म्हणजे विरोधकांच्या हाती कोलीत देणं, हा दुसरा. आणि मी लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’ला नगरच्या मंडळीचा इतिहास म्हणालो, पण ते एका बाईचं आत्मचरित्र आहे, तेही ब्राह्मण घरातल्या, मग सगळे टिळकांपाशीच का थांबतात, हा तिसरा.

पहिल्यावर वाद घालत नाही. छपाईचा खर्च कोणीतरी काढायलाच हवा आणि किराणा दुकानाच्या जाहिरातीनं इतिहास बिघडत नाही. उलट साठ सालच्या स्मरणिकेतल्या जाहिराती मी आधी वाचतो. गावात शिलाईचं दुकान कोणत्या ख्रिस्ती माणसाचं होतं, सायकली कोण भाड्यानं देत होता, हे तिथंच कळतं. माझी तक्रार जाहिरातींमागून येणाऱ्या पानांबद्दल आहे.

तुमच्या दुसऱ्या मुद्द्यावर मात्र मी ठाम आहे. जात लिहू नका म्हणता. पण मास्तर, ती लिहिलेलीच आहे! नगरच्या मंडळीवरची हाताला लागेल ती स्मरणिका उघडा. हरी रामचंद्र खिस्ती यांचं नाव आलं की आधी ‘ब्राह्मण कुलोत्पन्न’. १८५४ साली त्यांच्याबरोबर पाळकाची, म्हणजे चर्चच्या धर्मगुरूची, दीक्षा घेतलेले रामकृष्णपंत मोडक आले की पुन्हा तेच. लक्ष्मीबाईंचे यजमान रेव्हरंड टिळक यांचं तर विचारूच नका, कोकणस्थ की देशस्थ इथपर्यंत तपशील. ज्या पानावर हे छापलेलं असतं त्याच्या पुढच्याच पानावर वडाळा, राहुरीकडच्या खेड्यांतल्या शेकडो कुटुंबांबद्दल एक वाक्य असतं: ‘यानंतर खेडोपाडी अनेकांनी प्रभूचा स्वीकार केला.’ हे अनेक कोण? कुठल्या वाड्यातले? गावकीचं कोणतं काम ते करत होते, आणि बाप्तिस्मा घेतल्यावर त्यांच्या वतनाचं, बलुत्याचं काय झालं? त्यावर चिडीचूप. म्हणजे जात लिहायची नाही असा नियम मुळात नाहीच. वरची असली तर मिरवायची, खालची असली तर झाकायची, असा नियम आहे. पौलाचं वचन यातल्या कोणत्या अर्ध्याला लावायचं ते तुम्हीच सांगा.

वसईकडे पाहिलं की हे आणखी ठळक होतं. तिथले सामवेदी ख्रिस्ती आपण मूळचे ब्राह्मण असल्याचं मोकळेपणानं लिहितात. बोली, लुगडं, लग्नातली गाणी, सगळं अभिमानानं नोंदवतात. त्यांचं काही चुकत नाही. (तिथल्या इतिहासलेखनाचा रोग निराळा आहे. १७३९ साली चिमाजीअप्पांनी वसई घेतली आणि चर्चच्या घंटा देशावर आल्या, मेणवलीला एक, नाशिकला नारोशंकराच्या देवळात एक, यावर ढीगभर लिहिलं जातं. पण ज्या गावांतून त्या घंटा गेल्या तिथल्या ख्रिस्ती लोकांनी पुढची वर्षं कशी काढली यावर मोजकंच.) प्रश्न एवढाच, की सामवेदी माणसाला जी मोकळीक आहे ती नेवासे तालुक्यातल्या महार-ख्रिस्ती किंवा मांग-ख्रिस्ती माणसाला का नाही?

त्याचं एक कारण तुम्ही लिहिलं नाहीत, पण ते ओळींमधून दिसतं, आणि त्याला मी क्षुल्लक म्हणत नाही. १९५० सालच्या राष्ट्रपतींच्या आदेशानं अनुसूचित जातींच्या सवलती हिंदूंपुरत्या ठेवल्या. पुढे १९५६ साली शीख आले, १९९० साली बौद्ध आले, ख्रिस्ती अजून बाहेरच आहेत. त्यामुळे चर्चच्या वहीत एक आणि शाळेच्या दाखल्यावर दुसरं, अशी कुटुंबं कुठल्या गावात नाहीत? अशा घराचा इतिहास नावानिशी छापला तर नातवाच्या नोकरीवर गदा येऊ शकते. ही भीती खरी आहे. पण मग घराण्यांची नावं देऊ नका ना. वाड्याचं नाव द्या, पाणवठ्याचं द्या, गावाशी झालेल्या भांडणाचं साल द्या. झाकायची ती माणसं झाका, घडलेली गोष्ट कशाला झाकायची?

आणि ती गोष्ट लाजेची नाहीच मुळी. गावाच्या विहिरीवर ज्याला चढू देत नव्हते त्यानं पोराला पाटी-पेन्सिल देऊन शाळेत बसवलं, वेशीवरची कामं नाकारली, त्यापायी मार खाल्ला. हे त्या माणसानं केलं. जात गाळली की हे सगळं गळतं आणि उरतो तो घोड्यावरून आलेला दयाळू साहेब. बरं, मंडळीत आल्यावर सगळं सुरळीत झालं असंही नाही. महारांनी आणि मांगांनी एका पंगतीला बसायचं की नाही हा तिढा मिशनला बराच काळ पुरला. नगरला काम करणाऱ्या अमेरिकन मिशनचं धोरण कडक होतं, जात पाळायची असेल तर मंडळीत जागा नाही. धोरण मिशनच्या मुख्य कचेरीत, बॉस्टनला ठरलं, पण भाकरी वडाळ्याला मोडायची होती. ती पहिल्यांदा कोणी मोडली, कोण उठून गेला, कोण वर्षभरानं परत आला, हा इतिहास. विरोधकांच्या हाती कोलीत म्हणता, तर त्यांना ते आपल्याकडूनच मिळायला हवं असं थोडंच आहे? आपण नाही लिहिलं तर ते लिहितील, आणि त्यांना सोयीचं तेवढंच.

आता साहेबांबद्दल. माझा त्यांच्यावर राग आहे, असाही तुमचा समज झालेला दिसतो. तसं नाही. ग्रेव्हज, हर्वी आणि रीड हे अमेरिकन मिशनरी १८३१ साली नगरला आले. हर्वी वर्षभरातच पटकीनं गेले. मिशनच्या शिक्षिका सिंथिया फरारबाई १८२७ साली मुंबईत उतरल्या, १८३९पासून नगरला मुलींच्या शाळा चालवल्या आणि १८६२ साली तिथंच वारल्या. जोतीराव फुल्यांनी नगरला जाऊन त्यांच्या शाळा पाहिल्या, हे आता सगळ्यांना माहीत आहे. हे लिहायलाच हवं. पण साहेबांचे कागद कुठं जात नाहीत. हे मिशन चालवणाऱ्या अमेरिकन बोर्डाची दप्तरं हार्वर्डच्या हॉटन ग्रंथालयात जपून ठेवलेली आहेत. ती पत्रं, ते अहवाल वर्गणी देणाऱ्या अमेरिकन लोकांसाठी लिहिलेले. त्यांत डोकी मोजलेली सापडतात, चेहरे क्वचित. फरारबाईंच्या शाळांत मुली कुठल्या आळीतून येत, त्यांना आणायला कोण जाई, पंतोजी म्हणून नेमलेल्या ब्राह्मणांना त्यांच्या जातवाल्यांनी काय ऐकवलं, हे तिथून मिळणं अवघड. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मिशनच्या चर्चिलसाहेबांनी नगरला सुधारित हातमाग बनवला, त्याचं कौतुक सगळीकडे आहे. त्या मागावर बसलेल्या एका तरी विणकराचं नाव कुणी छापलंय का? दुष्काळात मिशननं सांभाळलेली पोरं त्यांत असणार, ज्यांना आपलं गावसुद्धा धड आठवत नसेल.

एका खेड्यातल्या मंडळीची जुनी प्रोसीडिंगची वही मला पाहायला मिळाली होती. गाव सांगत नाही, कारण त्यातली काही भांडणं अजून मिटायची आहेत. कडा वाळवीनं खाल्लेल्या, शाई तपकिरी झालेली. प्रत्येक सभा गीत आणि प्रार्थनेनं सुरू होते आणि तिसऱ्या ओळीला पैशांवर येते. पाळकसाहेबांचा पगार थकला. रहाटाची दोरी कुणी बदलायची. अमक्यानं मुलीचं लग्न जुन्या रिवाजानं लावलं म्हणून त्याला प्रभुभोजनापासून, म्हणजे चर्चमधल्या भाकरी-द्राक्षारसाच्या विधीपासून, दूर ठेवलं. काही पानांनंतर तोच दिवाबत्तीच्या कमिटीवर! मधे काय झालं ते कुणी लिहिलेलं नाही, पण काहीतरी झालं खास.

आणि मग हंगामाच्या सणाचा हिशोब. ज्वारी पायल्यांनी, भोपळे, अंडी, कोंबड्या, एक करडू. उपासना झाल्यावर सगळ्याचा लिलाव. एकच कोंबडा तीनदा विकलेला आहे: घेणाऱ्यानं पैसे भरले आणि कोंबडा पुन्हा मंडळीला दिला, पुन्हा बोली, पुन्हा दान. तिसरा माणूस तो घरी घेऊन गेला असावा, कारण पुढं नोंद नाही. पंचांच्या यादीत एकाही बाईचं नाव नव्हतं. या यादीत होती. अंड्यांपुढं, कोंबड्यांपुढं, कुणाची तरी आई, कुणाची तरी सून, आणि दोन-तीन ठिकाणी चक्क स्वतःच्या नावानं. मंडळीचा खर्च कोण चालवत होतं ते या पानावरून कळतं. अशी वही एखाद्या वडीलजनांच्या ट्रंकेत पडलेली असते आणि मिशन कंपाउंडच्या जमिनीच्या खटल्यापायी ती कुणी कुणाला दाखवत नाही. तुमच्या स्मरणिकेत बिशपसाहेबांचा आणि आमदारसाहेबांचा शुभसंदेश पानभर असतो. ते एक पान या हिशोबाला दिलं असतं तर?

राहिलं ‘स्मृतिचित्रे’. आत्मचरित्र आहे हे कबूल, १९३४पासून भागाभागांनी आलं तेही ठाऊक आहे. तरी मी त्याला मंडळीचा इतिहास म्हणतो, कारण मिशनमधलं जगणं लक्ष्मीबाईंनी स्वयंपाकघरातून पाहिलं. नवऱ्यानं १८९५ साली बाप्तिस्मा घेतलेला, त्या पुढे त्याच्याकडे आल्या तरी सोवळं सांभाळून; पाणी वेगळं, चूल वेगळी. ते सोवळं एकेक करून कसं सुटलं हे त्यांनी स्वतःला हसत हसत लिहिलं. कुठल्याही वार्षिक अहवालात धर्मांतर असं दिसत नाही. अहवालात ते एका दिवसात होतं, या पुस्तकात वर्षं लागतात.

पण ‘सगळे टिळकांपाशीच का थांबतात’ हा तुमचा प्रश्न मला तुमच्याइतकाच सलतो, आणि त्याचं उत्तर तुमच्या दुसऱ्या आक्षेपातच आहे. त्याच आवारात राहणाऱ्या महार-ख्रिस्ती बायकांना ही वेगळी चूल मांडणारी बाई कशी दिसली असेल? त्या तिच्याबद्दल आपसात काय बोलल्या असतील? ते पुस्तक कुणी लिहिलं नाही. बायबल वूमन म्हणून, म्हणजे बायकांना बायबल सांगत, गावोगाव पायपीट केलेल्या बायकांच्या सुना-नाती आज आहेत, त्यांच्याकडे गोष्टी आहेत. आपण त्यांना विचारायला गेलो की त्या आधी विचारतात, ‘जातीचं काही छापणार नाही ना?’ आणि आपण नाही म्हणून येतो. मग राहतात टिळकच. ते तरी मोकळेपणी वागले. १९१७ साली मिशनचा पगार सोडून ‘देवाचा दरबार’ नावाचा आपला स्वतंत्र गट मांडला, म्हणजे पैसा आणि साहेब यांबद्दलचं भांडण उघड्यावर आणलं. स्मरणिकांत मात्र त्याचं ‘पुढे ते स्वतंत्रपणे सेवा करू लागले’ होतं.

तुमच्या मंडळीचं पुस्तक तुम्ही लिहायला घेतलंय आणि मिशनऱ्यांची तीन प्रकरणं तयार आहेत, असं तुम्ही शेवटी लिहिलंय. ती ठेवा. पण छापायला टाकण्याआधी बाप्तिस्म्याची वही मागून घ्या. त्यात धंद्याचा किंवा राहण्याच्या जागेचा रकाना असेल तर तो आधी उतरवा. एकोणीसशे पन्नासच्या आसपास त्या रकान्यात काय बदल होतो ते पाहा. रकानाच गायब झाला असेल तर तसं लिहा. पंच वही देत नसतील तर निदान त्यांच्यासमोर बसून मोबाईलवर फोटो घ्या. मला पाठवलेत तर अक्षर लावायला मदत करीन. हिशोब मोडीत असतील तर मात्र वेळ लागेल, माझी मोडी कच्ची आहे.