माऊस कुणी चालवला?

"ग्राफिक्स बरं का!" वरच्या मजल्यावरचे काका काल सिनेमात माझ्या कानाशी पुटपुटले. पडद्यावर तुटलेला हात पडला होता. नायकाच्या भावाचा. केलेला मी.

त्या हातापायी माझे २६ दिवस गेले. नटाचा पंजा अल्जिनेटमध्ये बुडवून ठसा घेतला (दातांचे डॉक्टर माप घ्यायला तोंडात कोंबतात, तोच लगदा), त्यात प्लास्टर, मग साचा, मग सिलिकॉन. वर एकेक केस सुईनं टोचून बसवलेला. केस मोजायचं सातशेला सोडून दिलं. पडद्यावर हात दिसला दोन सेकंद, तोही धुरात.

सिनेमा संपल्यावर राहवेना. "काका, तो हात खरा होता. म्हणजे खोटाच, पण खरोखरचा. मी केलाय."

काकांनी मला आपादमस्तक न्याहाळलं. "म्हणजे माऊस तू चालवलास?"

"माऊस नाही हो, सिलिकॉन!"

"तेच ते. चिप."

"चिप नाही, रबरासारखं असतं ते."

"असेल बाबा, आता नवीन काय काय निघतंय. आणि रक्त?"

"मक्याचा पाक आणि खायचा रंग."

"हं. कुठल्या सॉफ्टवेअरमध्ये येतं ते?"

मी हात टेकले. माझे, खरे.

त्यांना 'जुरासिक पार्क'चं सांगायला हवं होतं. १९९३ सालचा सिनेमा, आजही लोक कॉम्प्युटरची करामत म्हणून मिरवतात. त्यात कॉम्प्युटरचे डायनासोर सहाएक मिनिटंच आहेत. तो मोठा टी-रेक्स खरोखर उभा केलेला. पावसाच्या शूटिंगमध्ये त्याची फोमची कातडी पाणी पिऊन इतकी जड व्हायची, की धूड हुडहुडी भरल्यासारखं थडथडायचं. माणसं टॉवेल घेऊन त्याला पुसत बसायची. डायनासोरचं अंग पुसणं ही नोकरी असू शकते, हे काकांना कोण पटवणार?

काकांचं सोडा. मागच्या एका सिनेमात रोज पहाटे पाच तास नटामागे उभं राहून मी भाजलेला चेहरा चिकटवत होतो. पुढे कुणीतरी कॉम्प्युटरवर त्यावर दुसराच चेहरा चढवला. मला कळलं कधी? तिकीट काढून बसलो तेव्हा. नाव मात्र ठेवलं होतं, शेवटी, जेवणवाल्यांच्या खाली. कालही तसंच. "ते बघा, माझं नाव!" म्हणेपर्यंत पुढचा माणूस पँट झटकत उभा राहिला.

तेवढ्यात काका म्हणाले, "एवढं येतं तर आमचा प्रिंटर बघशील का?"

आज सकाळी गेलो. का गेलो, विचारू नका. प्रिंटर कागद ओढत नव्हता. आतल्या रोलरचं रबर धुळीनं गुळगुळीत झालेलं. आणि रबरात तर माझा जन्म गेलाय. ओल्या फडक्यानं पुसलं, सुकू दिलं. पहिल्या फटक्यात कागद आत.

काकांनी आतल्या खोलीकडे तोंड करून हाक दिली, "अगं, म्हटलं नव्हतं? कॉम्प्युटरचाच माणूस आहे तो!"