मोरेआचं इतिवृत्त, फ्रँकांची बाजू आणि एका वर्षाची मुदत : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

माझ्या मागच्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. इतर वाचकांना संदर्भ लागावा म्हणून तुमचं म्हणणं आधी थोडक्यात मांडते. १२०४ साली चौथ्या धर्मयुद्धातल्या फ्रँक (म्हणजे पश्चिम युरोपातल्या, मुख्यतः फ्रेंच) आणि व्हेनिसच्या फौजांनी कॉन्स्टँटिनोपल लुटलं आणि ग्रीकांचा मुलूख आपसांत वाटून घेतला. त्यातल्या दक्षिण ग्रीसमधल्या पेलोपोनीजवर, म्हणजे तेव्हाच्या मोरेआवर, जे फ्रँक राज्य उभं राहिलं त्याची पद्यकथा म्हणजे 'मोरेआचं इतिवृत्त'. मी त्याला 'अमोल' म्हटलं. तुमच्या मते ती जेत्यांच्या दरबारची भाटगिरी आहे. त्यात घोडचुका आहेत, ग्रीकांना शिव्या आहेत, आणि ग्रीक भाषेत असलं तरी ते मूळ फ्रेंचचं भाषांतर आहे. ज्याचं घरदार त्या लुटीत गेलं त्या ग्रीक इतिहासकार निकेतास खोनिआतिसला बाजूला ठेवून मी 'आक्रमकांचं कौतुक' केलं, असं तुम्ही लिहिलंत. ते मनाला लागलं. म्हणून हे उत्तर लांबणार आहे.

आधी माझी चूक. रॉबेरची गोष्ट मी घडलेली घटना म्हणून सांगितली होती, ती तशी सांगायला नको होती. गोष्ट अशी : मोरेआ जिंकणारा शांप्लित फ्रान्सला परत गेला, जाताना कारभार जेफ्री व्हिलार्दुआँकडे सोपवून गेला. वर्ष आणि एक दिवस एवढ्या मुदतीत शांप्लितचा कुणी वारस आला तर मुलूख त्याचा, नाहीतर जेफ्रीचा. रॉबेर नावाचा नातलग निघाला. जेफ्रीने व्हेनिसमध्ये संधान बांधून त्याला रखडवलं, वाटेत कॉर्फूला जहाजातून उतरवून मागे टाकायला लावलं, आणि तो मोरेआत पोचल्यावर स्वतः एका गावाहून दुसऱ्या गावी हलत राहिला. मुदत टळली आणि मग दरबार भरला. इतिहासकार ही दंतकथा मानतात. हा आक्षेप शंभर टक्के मान्य.

पण त्याच गोष्टीशी जरा थांबा. भाटाने आपल्या मालकाच्या घराण्याचा मूळपुरुष असा रंगवला असता का? शौर्याने मुलूख मिळवला असं सांगणं त्याला सोपं होतं. हा कवी सांगतो की युक्तीने मुदत टाळली आणि कायद्याने मुलूख पदरात पाडून घेतला. त्याच्या लेखी राज्याचा पाया तलवार नाही, मुदत आहे. ही 'वर्ष आणि एक दिवस' मुदत लक्षात ठेवा, ती पुन्हा येणार आहे.

चुकांबद्दल वाद नाहीच. जेफ्रीचा मुलगा दुसरा जेफ्री, त्याची बायको आन्येस ही कूर्तनेच्या पीटरची मुलगी आणि कॉन्स्टँटिनोपलच्या फ्रँक सम्राट रॉबेरची बहीण (वरचा नातलग रॉबेर वेगळा). इतिवृत्त तिला सम्राट रॉबेरची मुलगी करून टाकतं. ग्रीक सम्राटाच्या फौजेशी झालेल्या १२५९ च्या पेलागोनियाच्या लढाईत तर पक्षपात उघड दिसतो. इतिवृत्तात मोरेआचा प्रिन्स विल्यम, पहिल्या जेफ्रीचा धाकटा मुलगा, लढता लढता सापडतो : शत्रूने घोड्यांवर बाणांचा वर्षाव केला, घोडे पडले म्हणून स्वार हाती लागले. ग्रीक सम्राटाच्या बाजूचा इतिहासकार आक्रोपोलितिस वेगळं सांगतो. त्याच्या मते विल्यम कास्तोरियाजवळ पेंढ्याच्या ढिगात लपला होता आणि पुढे आलेल्या दातांवरून ओळखला गेला. राजवाड्यांनी बखरींना अस्सल कागदांसमोर उभं केल्यापासून आपण मराठी वाचक असं वाचायला शिकलो आहोत. सनावळीसाठी बखरीवर भिस्त ठेवायची नाही, हे आपल्याला नव्याने सांगायला नको. पण बखर लिहिणाऱ्याला कोणती गोष्ट सलत होती, ते बखरीतच सापडतं. इथेही तसंच आहे, आणि म्हणूनच मला मार्गरेटबद्दल लिहायचं आहे. मूळ लेखात तिला मी एका ओळीत उरकलं होतं.

पेलागोनियाला पकडलेला विल्यम सुटला तो मिस्त्रास, मोनेम्वासिया आणि माइना हे तीन किल्ले देऊन. त्याआधी निक्लीला दरबार भरला. बहुतेक सरदार त्याच्याबरोबरच कैदेत होते, त्यामुळे सभेला मुख्यतः त्यांच्या बायका होत्या. अथेन्सचा गी द ला रोश म्हणाला, किल्ले देऊ नका, पुढे ते आपल्याच मुळावर येतील. हवं तर प्रिन्सच्या जागी मी कैदेत जातो. सभेने ऐकलं नाही. किल्ले गेले आणि तहाची हमी म्हणून दोन सरदारकन्या तोवर ग्रीकांनी परत घेतलेल्या कॉन्स्टँटिनोपलला ओलीस पाठवल्या गेल्या. त्यांतली एक पासावाच्या सरदाराची मुलगी मार्गरेट.

ती तिकडे असताना तिचा मामा, आकोवाचा सरदार, निपुत्रिक वारला. आकोवा ही मोरेआतल्या सगळ्यांत मोठ्या जहागिऱ्यांपैकी एक, २४ सरंजामांची. तिच्या किल्ल्याचं फ्रेंच नावच 'ग्रीकांना चीत करणारा' अशा अर्थाचं. वारस मार्गरेट. सुटून आल्यावर तिने हक्क मागितला. प्रिन्सने सांगितलं, वारसाने वर्ष आणि एका दिवसाच्या आत समोर येऊन मागणी करायची असते, ती मुदत उलटली आहे. ज्याच्या सुटकेसाठी ती ओलीस राहिली, त्यानेच हे तोंडावर सांगितलं.

ती तशीच परतली. पुढे तिने सेंत-ओमेर घराण्यातल्या जाँशी लग्न केलं. ते बलाढ्य घराणं. मग पुन्हा दावा लागला आणि या खेपेला ग्लारेंत्साला फ्रान्सिस्कन साधूंच्या चर्चमध्ये दरबार भरला. तिचा दीर निकोलस तिची बाजू मांडायला उभा राहिला. प्रिन्सने विचारलं, तुम्ही कृपा मागता की न्याय? निकोलस म्हणाला, न्याय. तेव्हा विल्यमने आपला दंड चान्सलर लेओनार्दोच्या हाती दिला, त्याला न्यायाच्या जागी बसवलं आणि स्वतः वादी-प्रतिवादींच्या रांगेत उतरून आपली बाजू मांडली. दोन्हीकडून रिवाजांचा कीस पाडला गेला. शेवटी सभेने कौल दिला : धन्यासाठी ओलीस राहणं हे बांधिलकी पत्करलेल्या सरदाराचं कर्तव्यच आहे, त्यामुळे ते मुदत चुकण्याचं कारण होऊ शकत नाही. मार्गरेट हरली. नंतर प्रिन्सने आपणहून तिला तिसरा हिस्सा, आठ सरंजाम, कृपा म्हणून दिले. उरलेले दोन हिस्से स्वतःच्या धाकट्या मुलीला दिले. तिचंही नाव मार्गरेटच.

हा प्रसंग इतिवृत्तात शेकडो ओळी चालतो. कोण कुठे उभं राहिलं, कोण काय म्हणालं, सगळं येतं. कवी उघडपणे प्रिन्सला दोष देत नाही. पण प्रिन्सच्या बापाने, जेफ्रीने, ज्या मुदतीच्या आधारावर राज्य मिळवलं, तीच मुदत पुढे प्रिन्ससाठी ओलीस राहिलेल्या बाईवर उलटली, हे कवीने आपल्यापर्यंत पोचवलं. भाटाने ही गोष्ट गाळली असती. मला वाटतं त्याला विल्यमपेक्षा रिवाज मोठा वाटत होता, आणि त्या रिवाजाचा एखाद्या माणसावर काय परिणाम होतो हे दिसत असूनही त्याने ते लिहून ठेवलं. १२७० च्या दशकातल्या मोरेआत जमीन कशी हातात यायची आणि कशी सुटायची, हे मला दुसऱ्या कुठल्या वृत्तांतात इतक्या जवळून दिसलेलं नाही.

आता शिव्यांबद्दल. ग्रीक माणसाच्या शपथेवर कोण विश्वास ठेवील, अशा अर्थाच्या ओळी कोपनहेगनच्या हस्तलिखितात पुन्हा पुन्हा येतात. वाचताना त्रास होतो, तुम्हाला झाला तसा मलाही. पण त्या लिहिल्या आहेत बोलीतल्या ग्रीकमध्ये, पंधरा अक्षरांच्या लोकप्रिय छंदात, आणि नऊ हजारांहून जास्त ओळींत. एका ठिकाणी कवी ऐकणाऱ्याला सांगतो : तुला अक्षरओळख असेल तर हातात घे आणि वाच, नसेल तर माझ्याजवळ बस आणि ऐक. दुसरीकडे तो हाक मारतो ती फ्रँक आणि 'रोमेई', म्हणजे ग्रीक, दोघांनाही. तेव्हा ग्रीक स्वतःला रोमन म्हणवत असत. म्हणजे ग्रीकांना दूषणं देणारं हे काव्य ऐकायला जे बसले, त्यांची घरची भाषा ग्रीक होती. विल्यम स्वतः कालामाताला जन्मला होता. पेलागोनियानंतर शत्रूच्या सेनापतीने त्याला विचारलं तेव्हा त्याने ग्रीकमधून उत्तर दिलं, असं इतिवृत्तच सांगतं. उलट बाजूने, कवीच्या ग्रीकमध्ये फ्रेंच शब्द रुळलेले आहेत : लिझिओस म्हणजे धन्याशी बांधलेला सरदार, फिए म्हणजे सरंजाम, कुंगेस्ता म्हणजे मुलूख जिंकणं. ज्या भाषेत राज्यकारभार चालतो तिचे शब्द घरात कसे येतात, हे शिवकाळापूर्वीची मराठी पत्रं वाचणाऱ्याला समजावून सांगावं लागत नाही.

'फ्रँक' या शब्दाची तर आपल्याशी थेट ओळख आहे. तोच शब्द अरबी-फारसीतून फिरत आपल्याकडे 'फिरंगी' होऊन आला.

पॅरिसमध्ये याच काव्याचं दुसरं, नंतरचं हस्तलिखित आहे. त्यात ग्रीकांवरची बरीच विखारी वाक्यं गाळली आहेत किंवा सौम्य केली आहेत. कुण्या नकलकाराला ती सहन झाली नसावीत. पण फ्रँकांची गोष्ट त्याने टाकून दिली नाही, पुन्हा लिहून काढली. त्या मातीतल्या ग्रीक वाचकालाही ही आपल्या मुलखाची गोष्ट वाटली, याचा याहून चांगला पुरावा मला माहीत नाही.

भाषांतराचा प्रश्न खरोखर वादाचा आहे, तो तुम्ही म्हणता तितका सुटलेला नाही. हे इतिवृत्त चार भाषांत आहे : ग्रीक, फ्रेंच, अरागोनी आणि इटालियन. इटालियन तर ग्रीकचाच संक्षेप. अरागोनी पाठ हॉस्पिटलर या लढवय्या साधूंच्या पंथाचा प्रमुख एरेदिया याने १३९३ साली करवून घेतला. फ्रेंच पाठ सुरुवातीलाच सांगतो की हे थीब्जच्या किल्ल्यात बार्थोलोम्यू गिझी या सरदाराकडे असलेल्या एका पुस्तकात सापडलं. म्हणजे तोही स्वतःला मूळ म्हणवत नाही. तो थीब्जचा किल्ला बांधला निकोलस द सेंत-ओमेरने, मार्गरेटच्या त्याच दिराने. फ्रँकांनी सीरिया कसा जिंकला याची चित्रं त्याच्या भिंतींवर होती, असं ग्रीक पाठ सांगतो. पुढे कातालान भाडोत्री सैनिकांनी किल्ला पाडला. एक बुरूज अजून उभा आहे.

खोनिआतिसकडे मी पाठ फिरवलेली नाही, त्याच्यावर लिहायचं धाडस अजून झालं नाही एवढंच. कॉन्स्टँटिनोपलच्या मुख्य चर्चमध्ये, हागिया सोफियात, लूट वाहायला आणलेली खेचरं कशी घसरून पडली, तिथल्या धर्मप्रमुखाच्या आसनावर वेश्येला कशी बसवली, एका व्हेनिशियन मित्राने त्याच्या कुटुंबाला कसा आसरा दिला, शहर सोडताना बायकांनी तोंडाला चिखल कसा फासला, आणि सैनिकाने ओढून नेलेली एका न्यायाधीशाची मुलगी त्याने कशी सोडवून आणली, हे सगळं वाचताना माझा श्वास अडकतो. पण तोच खोनिआतिस हेही लिहितो की राजधानीतून परागंदा झालेल्या बड्या लोकांची दैना पाहून आसपासचे शेतकरी हसले. त्या दुःखात सगळे ग्रीक एका बाजूला नव्हते. मोरेआतही तेच. जेफ्री १२०४ मध्ये वादळाने भरकटत मेथोनीला लागला, तेव्हा त्याला मुलूख जिंकायला हाताशी धरलं ते एका स्थानिक ग्रीक सरदाराने. ही हकीकत इतिवृत्तातली नाही, जेफ्रीच्या चुलत्याने लिहिलेल्या आणि विश्वसनीय मानल्या गेलेल्या वृत्तांतातली आहे. मग मोरेआचे ग्रीक जमीनदार फ्रँकांशी करार करताना काय मागतात, हे इतिवृत्त सांगतं तेव्हा मी ते खोटं म्हणून बाजूला सारत नाही. आमचा धर्म बदलायला कुठल्याही फ्रँकाने जबरदस्ती करू नये, आमचे रिवाज आणि रोमनांचा कायदा तसाच राहावा, एवढीच त्यांची मागणी. त्यांना ते वचन मिळालं. त्यांनी जमिनी राखल्या आणि त्याच जमिनीवरचा कष्टकरी मात्र दोन्ही राजवटींत तिथेच राहिला. त्याचा आवाज खोनिआतिसमध्येही नाही आणि या इतिवृत्तातही नाही. कुणी 'कौतुक' म्हणून मला दोष द्यायचाच असेल तर या गैरहजेरीबद्दल द्यावा. मूळ लेखात मी तिचा उल्लेखही केला नव्हता.

मूळ लेखात आज तीन बदल केले आहेत. रॉबेरची गोष्ट आता 'इतिवृत्त सांगतं की' अशी सुरू होते. आन्येसचं नातं सुधारलं आहे. पेलागोनियाच्या परिच्छेदात आक्रोपोलितिसचा पेंढ्याचा ढीग आला आहे. 'अमोल' हा शब्द तसाच ठेवला आहे. मार्गरेटवर वेगळा लेख लिहायला घेतला आहे. ग्लारेंत्साच्या दरबारातले दोन्ही बाजूंचे युक्तिवाद त्यात पूर्ण देईन. तो आला की तुम्ही वाचावा आणि जिथे खटकेल तिथे असंच लिहावं, ही विनंती.