येकच राउंड बाकी होता

महिना झाला, आमच्या गावच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर कापसाच्या भावालाही कोणी विचारत नाही. विषय एकच : मास्तरांनी टॉवेल का टाकला?

गाव दर्यापूर तालुक्यातलं, खारपाणपट्ट्यातलं. तिथल्या एका पोराची शालेय बॉक्सिंगची विभागीय अंतिम लढत अमरावतीला होती. पहिला राउंड त्यानं घेतला. दुसऱ्यात ठोसे खाऊन डगमगला म्हणून पंचांनी दोनदा आठपर्यंत मोजलं. पोरगं कोपऱ्यात आलं तेव्हा मास्तरांनी त्याच्या डोळ्यांपुढे बोटं धरली, काहीतरी विचारलं आणि टॉवेल टाकून लढत सोडून दिली. राज्य स्पर्धा गेली. सरकारी नोकरीतल्या खेळाडूंच्या पाच टक्के जागांवर बापानं दोन वर्षं डोळा ठेवला होता, तेही लांबलं. "काहून थांबवली बे? येकच राउंड बाकी होता!" या मेसेजला ढिगानं अंगठे आले. त्यातला एक माझा. डेट्रॉइटजवळच्या ऑफिसात डबा खाता खाता दिलेला.

मास्तर म्हणजे वीज बोर्डातले रिटायर लाइनमन. वय चौऱ्याहत्तर. पोलवरून पडल्यापासून डाव्या हाताची करंगळी वळत नाही. गोठ्याच्या मयालीला बैलाच्या दाव्यानं टांगलेलं पोतं, आत जिनिंगमधला कवडी कापूस आणि बुडाला नदीची रेती, ही त्यांची जिम. पोरांच्या हातांना जुन्या लुगड्याच्या पट्ट्या ते स्वतः गुंडाळायचे. अंगठ्यात फास, मनगटाला तीन वेढे, मग बोटांच्या मधून. मलाही गुंडाळल्या आहेत. मी नववीत पहिल्याच ठोशाला रडलो आणि अभ्यासाकडे वळलो, म्हणून आज इथे आहे असं घरचे म्हणतात.

योगायोग असा की मी राहतो ते शहरही असल्याच एका वीजवाल्याचं. इमॅन्युएल स्टुअर्ड डेट्रॉइट एडिसन या वीज कंपनीत इलेक्ट्रिशियन होता. १९७१ मध्ये त्यानं क्रॉन्क नावाच्या सरकारी व्यायामशाळेच्या तळघरात पोरांना शिकवायचं अर्धवेळ काम घेतलं आणि पुढे तिथूनच टॉमी हर्न्ससारखे जगज्जेते काढले. ते तळघर मुद्दाम भट्टीसारखं तापवून ठेवत. आमच्याकडे मे महिन्यात ती सोय फुकट आहे. पण अमेरिकेत सगळं आलबेल असतं हे सांगायला मी बसलेलो नाही. २००६ मध्ये चोरांनी क्रॉन्कचे तांब्याचे पाइप कापून नेले, पाणी बंद झालं, शहराच्या तिजोरीत आधीच खडखडाट होता, जिमला कुलूप लागलं. मोटारपंपाची केबल रातोरात गायब होणाऱ्या गावातल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

याच डेट्रॉइटात वाढलेला दुसरा माणूस एडी फच. हृदयात दोष निघाला म्हणून व्यावसायिक बॉक्सर होता आलं नाही, ट्रेनर झाला. महंमद अलीला हरवणाऱ्या पाच जणांपैकी चौघे कधी ना कधी त्याच्या हाताखालून गेले. तरी त्याचं नाव निघतं ते एका हरलेल्या लढतीमुळे. १ ऑक्टोबर १९७५, मनिला. अलीसमोर जो फ्रेझर. चौदा राउंड झालेले, पंधरावा राहिलेला. फ्रेझरचा उजवा डोळा सुजून मिटत चाललेला, डाव्यानं आधीपासूनच अंधुक दिसायचं. फ्रेझर उठायला बघत होता. फचनं त्याला बसवलं आणि लढत थांबवली. तिथेही येकच राउंड बाकी होता.

हे वाचलं त्या रात्री मी माझा अंगठा काढून घेतला. गुपचूप, कोणाला कळू न देता.

तरी पोराच्या बापाला मी मूर्ख म्हणणार नाही. कोरडवाहू चार एकरांवर सर्टिफिकेट हेच ज्याच्या घरचं पीक, तो राउंड मोजणारच. मला राग येतो तो आपल्या चर्चांचा. २०२४ मध्ये पॅरिसला स्वप्नील कुसाळेनं कांस्य जिंकलं, राज्यानं १ कोटी जाहीर केले, हरियाणा अडीच कोटी देतं म्हणून वाद पेटला. वाद रास्तच होता. पण तो पदक गळ्यात पडल्यानंतरचा. पोरगं बारा वर्षांचं असताना रोज संध्याकाळी पट्ट्या कोण गुंडाळतं, त्याला महिन्याला काय मिळतं, यावर आमच्या ग्रुपवर एक ओळ आलेली मला आठवत नाही. अमेरिकेत व्यावसायिक बॉक्सरच्या कमाईतला साधारण दहावा हिस्सा ट्रेनरला जातो. मास्तरांना दर पंधरा ऑगस्टला शाल आणि नारळ मिळतो. तालुक्याच्या प्रशिक्षकाला ठरावीक मानधन द्या, रिंगशेजारी डॉक्टर बसवा आणि एका लढतीवर पोराची नोकरी टांगू नका. नाहीतर पुढचा मास्तर बोटं दाखवून विचारेल खरं, पण पोरानं चुकीचा आकडा सांगितला तरी त्याला उठवून परत आत पाठवेल. गाव त्याचा सत्कारही करेल.

रविवारी मास्तरांना फोन केला. फचची गोष्ट सांगितली. ते मध्ये एकदाही बोलले नाहीत. शेवटी म्हणाले, "मंग तो फ्रेझर त्याच्याशी बोलला का नंतर?"

"हो. पुढच्या लढतीलाही कोपऱ्यात फचच होता."

"बरं झालं," ते म्हणाले. "आमचं पोट्टं पंधरा दिवस झाले, गोठ्याकडे आलं नाही. पट्ट्या धुवून ठेवल्या हायेत म्या त्याच्या."